संलग्न विषय

तेरा वर्षं बाई विद्यापीठात तासिका तत्त्वावर शिकवत होत्या. अखेर कायमची जागा निघाली, तेव्हा विभागप्रमुख म्हणाले, "तुमची पदवी संलग्न विषयातली. नियमात बसत नाही." त्या जागेवर विभागप्रमुखांचाच जावई चिकटला. त्याचीही पदवी नेमकी तीच होती.

बाई कोर्टात गेल्या. सहा वर्षांनी निकाल तोंडावर आला, तसं विद्यापीठ नमलं. केस मागे घ्या, तुम्हालाही कायम करतो.

"पदरात पाडून घ्या," वकील म्हणाले. "कोर्टानं ही पदवीच बाद ठरवली, तर जावयाबरोबर तुम्हीही कायमच्या अपात्र."

"ठरवू दे," बाई म्हणाल्या.

पदवी बाद ठरली. जावयाची नोकरी गेली. कोर्टाच्या पायऱ्यांवर विभागप्रमुखांनी बाईंना गाठलं.

"स्वतःचं नाक कापून आम्हाला अपशकुन केलात! मिळालं काय तुम्हाला?"

बाईंनी पिशवीतून एक कागद काढून त्यांच्या हातात दिला. "ही तुमच्या पदवीची प्रत, सर. विषय वाचा."

त्यांनी वाचला आणि त्यांचा चेहरा उतरला.

"तुमच्यावर केस करायची, तर आधी हा निकाल हवा होता."