हुबेहूब

मालिकेत त्याने रंगवलेला तोतरा मॅनेजर घराघरांत पोचला. ते तोतरं बोलणं त्याने वडिलांचंच उचललं होतं. 'प'वर अडकायचं, मग मांडीवर थाप मारून शब्द बाहेर काढायचा. पहिला भाग बघून वडीलही हसले. पुढे दुकानदारच त्यांना म्हणाला, "काका, टीव्हीतल्या मॅनेजरची नक्कल झकास करता हो." त्या दिवसापासून त्यांनी बोलणंच सोडलं. हवं ते बोटाने दाखवतात.

मालिका संपली आणि निर्मात्यांचे उंबरे झिजवूनही काही मिळेना. अशात आईने चहा आणला, तर कप बशीत खडखडत होता. डॉक्टर म्हणाले, "कंपवात आहे. पण गोळ्या लगेच सुरू करा, हाताची थरथर बरीच थांबेल."

तेव्हापासून तो दिवसभर आईसमोर बसून असतो. ती पाणी ओतते, भाजी चिरते, सुईत दोरा ओवायला बघते. त्याची नजर तिच्या हातावरून हलत नाही.

"किती रे जीव टाकतोस माझ्यावर," आई म्हणाली. "गोळ्या आणल्यास का?"

त्याने आपला रिकामा कप उचलला आणि बशीत खडखडवून पाहिला.



"आणतो गं, एवढी काय घाई? मला अजून नीट जमलेलं नाही."