आईला आवडलेलं गाणं

डेटलेफ स्वयंपाकघरात शिरला तेव्हा आई बटाटे सोलत होती आणि रेडिओवर त्याचंच गाणं लागलं होतं, महापौरांची यथेच्छ टर उडवणारं.

त्याचा पंक बँड मोठा झाला तो आईच्या संतापावर. पहिलीच रेकॉर्ड वाजली तशी तिने रेडिओ केंद्राला फोन लावून, असला वाह्यातपणा ऐकवता म्हणून चांगलं झापलं होतं. केंद्राने गाण्यावर बंदी घातली आणि जर्मनीभरच्या पोरांनी रेकॉर्ड हातोहात उचलली. पुढे दर रेकॉर्डला हेच झालं. यंदा मात्र बंदी नाही, म्हणून गिऱ्हाईकही नाही.

"आई, या वेळी फोन नाही केलास?"

"कशाला? छान आहे की गाणं. समोरचे पाद्रीबाबापण गुणगुणत होते."

डेटलेफ मटकन खुर्चीत बसला. कानात सेफ्टी पिन अडकवलेल्या त्या पन्नाशीच्या बाप्याचं तोंड एवढंसं झालं.

आईने सुस्कारा सोडला, ॲप्रनला हात पुसले, फोन लावला आणि कडाडली, "काय हा निर्लज्जपणा चालवलाय रेडिओवर?"

मग रिसीव्हरवर हात ठेवून तिने हळूच विचारलं, "नेहमीसारखं थोडं रडूही का?"