चालू राहिलेला भोंगा

खट्. बटण बंद झालं, भोंग्यातलं गाणं मध्येच तुटलं आणि घर चिडीचूप झालं.

फूयाय खामफाय यांची दुपारची दवंडी संपली होती. उद्या टाकीची सफाई आहे, माठ भरून ठेवा. आणि हो, तालुक्याच्या साहेबांचा निरोप आहे, आज कुणी घोळका करून बसू नका. फूयाय म्हणजे गावाचा प्रमुख, पण सरकारचाही माणूस. वरून येईल ते घरातल्या माईकवरून गावाला सांगायचं आणि स्वतःचं मत खाकी गणवेशाच्या आत ठेवायचं. खामफायनी ते इतकं आत ठेवलं होतं, की पोटच्या लेकीलाही कधी दिसलं नव्हतं. पुईने तर त्यांना केव्हाच लष्करवाल्यांच्या पंगतीत बसवून टाकलं होतं.

"लाव," ते म्हणाले.

"काय लावू?"

"टीव्ही गं. आणि ते दार लोटून घे आधी."

पुई त्यांच्याकडे बघतच राहिली. मग तिने दार लोटलं, टीव्ही लावला आणि धाकट्या लेकीला, मापरांगला मांडीवर घेऊन चटईवर बसली. पोरीच्या मुठीत चिकटभाताचा गोळा होता, अर्धा गालात, अर्धा आईच्या बाहीला.

संसदेत एकेकाचं नाव पुकारत होते. उठायचं आणि सगळ्या देशादेखत तोंडाने सांगायचं: सहमत, असहमत, की तटस्थ. निवडणूक विरोधकांनी जिंकली होती. तरी त्यांचा तरुण उमेदवार पंतप्रधान व्हायला मतं कमी पडत होती, आणि ती होती लष्कराच्या काळात नेमलेल्या सिनेटरांच्या हातात. त्यातले थोडे जरी इकडे वळले तरी झालं.

एक पांढऱ्या केसांचा सिनेटर उठला. कोट सारखा केला. घसा खाकरला.

"बोल की बाबा, बोल," खामफाय पुटपुटले.

"सहमत."

"अरे शाब्बास!" फूयायनी मांडीवर अशी थाप मारली की मापरांग दचकली. "बघितलंस का पुई? सिनेटर होता तो, सिनेटर! पठ्ठ्या हलला! आता बस म्हणावं आमच्या साहेबाला बोंबलत!"

आणि बाहेरून, भाताच्या खाचरांवरून, क्षणभर उशिराने त्यांचाच आवाज परत आला: "...साहेबाला बोंबलत!"

दोघांनीही चमकून दाराकडे पाहिलं.

जिना धडाधडा वाजला. शेजारच्या सांगवियन मावशी बत्ता हातात घेऊन वर आल्या, बत्त्याला कच्च्या पपईचा कीस तसाच चिकटलेला.

"अहो फूयाय! भोंगा! गाण्याचं बटण बंद केलंत, माईकचं कोण करणार? अख्खं गाव ऐकतंय!"

खामफायचा चेहरा उतरला. त्यांचा हात बटणाकडे गेला. तेवढ्यात चटईवरचा फोन थरथरू लागला. साहेबांचा होता.

"बाबा, बंद करा," पुई म्हणाली. याच बाबांशी भांडून ती कितीदा ताटावरून उठून गेली होती. आता तीच त्यांना सावरायला धावली. "नोकरी जाईल हो तुमची. गणवेश काढून घेतील."

"बंद कसलं करताय!" मावशी खेकसल्या. "माझा टीव्ही बिघडलाय. पुढचा काय म्हणाला ते तरी ऐकू द्या!"

खालून कुणीतरी पातेलं बडवलं. दुसऱ्या घरातून दुसरं पातेलं. मग एक दणकट आवाज आला, "फूयाय, टीव्हीचा आवाज वाढवा! तुटक ऐकू येतंय!"

फोन वाजतच होता. खामफायनी त्याच्याकडे पाहिलं, खुंटीवरच्या गणवेशाकडे पाहिलं. मग बटणावरचा हात काढून घेतला. माईक उचलला, वायर ओढत ओढत आणला आणि टीव्हीच्या पुढ्यात ठेवला. फोन उशीखाली सारला.

"गावाला सांगायचं काम माझं," ते दवंडीच्याच सुरात म्हणाले. "सांगतोय."

पुईला हसू आलं, रडू आलं, काय आलं ते तिलाही कळेना. तिने जाऊन लोटलेलं दार सताड उघडलं आणि मापरांगला घेऊन उंबऱ्यातच बसली. घोळका करू नका म्हणून सांगितलेलं अख्खं गाव अंगणात जमत होतं. कुणी मडकंभर पाणी आणलं, कुणी भाताची टोपली. पोरं मोटारसायकलींवर उभी राहिली. एकेक "सहमत" आला की अंगण उसळे आणि पुढचं नाव ऐकायला लगेच गप्प होई.

मग सिनेटरांची नावं लागोपाठ आली.

"तटस्थ."

"तटस्थ."

"तटस्थ."

"येतील, येतील," मावशी बत्ता हलवत म्हणाल्या. "अजून ढीगभर नावं आहेत. गप्प बसा रे!"

"तटस्थ."

मापरांग आईच्या मांडीवरून उतरली आणि भाताचा हात पुसत टीव्हीजवळ गेली. पडद्यावर एक म्हातारा सिनेटर नुकताच खाली बसत होता. तिने त्याच्यावर बोट ठेवलं.

"आई, देवळात मतं मोजली ना, तेव्हा मी तुझ्या कडेवर होते. ते काका एकेक चिठ्ठी वर धरून नाव ओरडत होते, आणि फळ्यावर रेघ मारत होते. या आजोबांचं नाव तर कुणीच ओरडलं नाही."

माईक तिच्या तोंडाशीच होता. अंगणातले सगळे चेहरे दाराकडे, पुईकडे वळले.

"मग यांना कुणी निवडून दिलं?"