ईश्वरी रडत नाही

आई मोबाईलवर कथामालिका लिहिते. तिची चौदा वर्षांची नायिका ईश्वरी बाप मेल्याच्या पुढच्याच भागात खानावळ चालवायला लागते, तीही नफ्यात. वाचक म्हणतात, "काय खंबीर पोर!"

परवा खो-खोच्या संघातून माझं नाव गाळलं. घरी येऊन आईला बिलगले आणि हुंदके देत रडले. तिने फोन हातात घेतला.

"थांब, डोळे पुसू नकोस! आधी काय थरथरतं गं, ओठ की हनुवटी?"

माझं रडू तिथेच थांबलं.

त्याच संध्याकाळच्या भागात ईश्वरीची हनुवटी थरथरली, पण डोळे कोरडेच राहिले. आईने एक कमेंट मोठ्याने वाचून दाखवली. "ताई, तुमची मुलगीही अशीच असणार!"

"आहेच मुळी," आई म्हणाली.

मी बाथरूमची कडी लावली, नळ पूर्ण सोडला आणि पोटभर रडले. हा भाग काही तिला मिळायचा नाही.