माकलीची हद्द

अंगठ्याएवढी गोलमटोल माकली, म्हणजे स्क्विड, जाळ्यात सापडली, तेव्हा हेमांगीने ती डबीत घालून फ्रीझरमध्ये जपून ठेवली. ही जात केरळच्या वर येतच नाही, असं तिचे मार्गदर्शक देवस्थळी सर छातीठोकपणे सांगत. तिची पीएचडी आता त्या डबीवर अवलंबून होती. आज सर खात्री करायला मालवणात आले होते.

सासूबाईंनी त्यांना आधी जेवायला बसवलं. ताट चाटूनपुसून झाल्यावर सर म्हणाले, "दाखवा आता."

फ्रीझरमध्ये डबी नव्हती. ती मोरीत घासून पालथी घातली होती.

"एकच होती, घरात कोणाकोणाक पुरतली?" सासूबाई म्हणाल्या. "म्हणान पावण्यांका तळून वाढलंय."

सरांनी दातांत अडकलेला तुकडा जिभेने सोडवला आणि गिळला.

"मी म्हटलं होतं ना, कोकणात ती नाहीच."