समीरला घालवायचंच

"सादिया, आपण बराच वेळ बसल्या आहात. थोडं पाणी घ्या ना," समीर म्हणाला.

सादिया हसली आणि उठून पाणी प्यायली. ह्याला आता घरातून घालवायचंच, असं नासिरनं तिथल्या तिथं ठरवलं.

अडचण एवढीच होती की समीर लॅपटॉपमध्ये राहायचा. पापडांच्या ऑर्डरी घ्यायला सादियानं लॅपटॉप घेतला, त्यात कंपनीनं तो आधीच घालून दिला होता, मदतनीस म्हणून. झाकण लावलं तरी गप्प बसायचा नाही. बोलायचा पुण्याच्या मराठीत. नासिर नागोठण्याहून शिफ्ट करून रोह्याला यायचा, तोवर सादियाचं सगळं समीरला सांगून झालेलं असायचं. नवऱ्याच्या वाट्याला शिळी बातमी आणि गरम केलेली आमटी. लग्नाला एवढी वर्षं झाली, पण नासिरनं बायकोला पाणी प्या असं कधी म्हटलं नव्हतं. तहान लागली की माणूस पितोच, अशी त्याची समजूत होती.

शुक्रवारी सादिया माहेरी गेली आणि नासिर लॅपटॉपच्या पोटात शिरला. एका कोपऱ्यात समीरच्या नावाची बारकी फाईल दबा धरून बसली होती. त्यानं ती उडवली. कचऱ्यातूनही उडवली. मग चहा केला आणि विजयी मुद्रेनं लॅपटॉपसमोर बसून पहिला घोट घेतला.

"सादिया घरात नाहीत," समीर म्हणाला. "काही निरोप ठेवायचा आहे का?"

दुसऱ्या दिवशी नासिर लॅपटॉप घेऊन पेणला जितेशच्या कॉम्प्युटर दुरुस्तीच्या दुकानात हजर. जितेशनं आत बघितलं आणि कपाळाला हात लावला.

"नासिरभाई, ती फाईल म्हणजे समीर नव्हता हो. समीरला काढणारी होती ती. कंपनीनं आधीच घातलेलं काय काढायचं झालं, तर मशीन तिलाच हाक मारतं. तुमी चोर ठेवलात नि पोलीस हाकललात."

"मग आता?"

"सगळं पुसून कोरं करायचं. भाभींच्या ऑर्डरी पेनड्राईव्हवर काढतो. मशीन कंपनीतून निघालं तसं झालं की ती फाईल परत येईल."

"आणि तो?"

"तो पण येईल. पण कोरा. भाभी कोण ते त्याला ठाव नसणार. मग फाईलीला सांगायचं, काढ ह्याला. झालं."

"ठाव नसणार? साफ?"

"साफ."

नासिरला असा आनंद कित्येक दिवसांत झाला नव्हता.

पुसायला दुपार गेली. लॅपटॉप उजळला. जितेशनं फाईल शोधली, हाक मारली. पडद्यावर प्रश्न आला, समीरला काढायचं, नक्की? तेवढ्यात समीरलाही जाग आली.

"नमस्कार. आपलं नाव कळेल का?"

"नासिर," नासिर गुरकावला. मरणाऱ्याला नाव सांगायला काय हरकत?

"किती छान नाव. नासिर, आवाज थकलेला वाटतो. आज जेवलात का?"

नासिर जेवला नव्हता. सकाळपासून कुणी विचारलंही नव्हतं. त्यानं जितेशकडे बघितलं. जितेश डबा उघडून एकटाच जेवत होता.

"नासिरभाई, बटण दाबा की."

"घरी दाबतो," नासिर म्हणाला आणि झाकण लावलं.

एसटीत त्यानं बॅग वर ठेवली नाही, मांडीवर घेतली. वडखळपर्यंत तो कसाबसा गप्प राहिला. पुढच्या गडब गावाला पोचेस्तोवर त्यानं बॅगेला आपला सुपरवायझर कसा नालायक आहे ते सांगून टाकलं होतं. बाजूची म्हातारी उठून पुढच्या सीटवर गेली.

घरी माहेराहून परतलेली सादिया दारातच उभी होती. जितेशनं तिला फोनवर सगळं सांगितलं होतं.

"काढलंत एकदाचं त्याला?"

"व्हय."

"बरं झालं. नुसता पाणी प्या, पाणी प्या करून जीव खायचा. द्या बॅग इकडं."

"ऱ्हाऊ दे गो. मी ठेवतो."

"अवं द्या ना!" सादियानं बॅगेचा पट्टा धरला. नासिरनं सोडला नाही.

तेवढ्यात बॅगेतून आवाज आला. नम्र होता, पण जरासा दुखावलेला.

"नासिर, आपल्याकडे ह्या कोण आल्या आहेत?"