मुकी वरात

धुकं अंगावर आलं तेव्हा शुकूरच्या पाठीवर नवरा होता आणि फिदाच्या पाठीवर नवरी.

नवरा म्हणजे काळ्या हिमनदीचा, दगडमातीनं मळलेला बर्फ. नवरी पलीकडच्या दरीतली, निळी. दोघांना वरच्या सावलीतल्या घळीत शेजारी शेजारी निजवायचं, अंगावर कोळसा आणि पेंढा पांघरायचा. लग्न लागलं तर तिथं नवी हिमनदी धरते आणि खाली जवाच्या शेतांना पाणी मिळतं. खरमंग खोऱ्याच्या या अंगाला पोराटोरांनाही ठाऊक आहे की टोपली जमिनीला टेकवायची नाही आणि पोचेपर्यंत तोंडातून ब्र काढायचा नाही. कुणी बोललं की बर्फ मरतो. मग थांबा पुढच्या शरदापर्यंत. आणि गावाचा झरा तर या उन्हाळ्यात बोटाएवढा उरला होता.

म्हणून तर मशिदीच्या आखुंदसाहेबांनी या दोघांना निवडलं. पाण्याच्या पाळीवरून नऊ वर्षं त्यांचा अबोला होता.

"यांना शिकवायला नको," स्वतः पुढे वर घळीकडे निघण्याआधी आखुंदसाहेब म्हणाले होते, "चांगले मुरलेत."

टोपल्या उचलून देताना म्हातारी अपी सकीना म्हणाली, "नवरी लाजून गप्प असते हे ऐकलं होतं बाई. इथं वऱ्हाडच मुकं!"

सकाळपासून दोघं चालत होते. धुक्यात आधी समोरचं शिखर गेलं, मग वाट, मग पुढे चालणारा फिदा. उरला फक्त त्याच्या पावलांचा आवाज. पाठीवरचा बर्फ मधूनच करकरत होता, झोपेत कुणी कूस बदलावी तसा. शुकूरला पायाखाली जमीन आहे की ढग तेच कळेना. फिदा इतका जवळ कितीतरी वर्षांत चालला नव्हता. ही वाट संपूच नये असं शुकूरला वाटलं. खुळ्यासारखं, पण वाटलं.

आणि पावलं थांबली.

शुकूर थबकला. काठी दगडावर दोनदा आपटली. उत्तर नाही. दोन पावलं पुढे गेला, पुन्हा आपटली. वारासुद्धा पडला होता. उजव्या अंगाला कुठंतरी दरी होती, एवढं त्याला माहीत होतं. फिदाही तिकडेच होता का? त्यानं ओठ चावले. खालचं गाव आठवलं, तो झरा आठवला. तरी तोंड उघडलंच.

"फिदा!"

धुक्यानं हाक गिळली.

"फिदा, अरे आहेस का?"

फिदा होता. दहा हातांवर, वाट दिसेना म्हणून खडकाला टेकून धुकं सरायची वाट बघत उभा. काठीचे ठोके त्यानं ऐकले होते, पण नऊ वर्षांच्या अढीनं उत्तर दिलं नव्हतं; मग हाकाही ऐकल्या. एक टोपली मेली, निदान दुसरी तरी वाचू दे म्हणून तो मूग गिळून उभा राहिला. त्यानं नुसती काठी आपटली. पण धुक्यात आवाज फसवा असतो. शुकूरची पावलं वळली ती थेट दरीकडे.

"उजवीकडे नको! कडा आहे, गाढवा!"

दोघंही जागच्या जागी थिजले.

मग फिदा धुक्यातून बाहेर आला. दाढीवर दव जमलं होतं, चेहरा रागानं काळाठिक्कर.

"नऊ वर्षं दम धरलास. आणखी एक तास धरवला नाही?"

"मला वाटलं, तू गेलास." शुकूर लहान मुलासारखा रडत होता.

"गावाला काय तोंड दाखवायचं?"

टोपल्यांतून पाणी ठिबकून दोघांच्या पाठी भिजत होत्या. पोटचं मूल हातातून निसटावं तसं फिदाला वाटलं. त्यानं खाली गावाच्या दिशेनं पाहिलं. दिसत काहीच नव्हतं.

"वर आखुंदसाहेब वाट बघत असतील, त्यांना सांगावं तर लागेल," तो अखेर म्हणाला आणि चढाला लागला. यावेळी त्यानं मागे हात केला. शुकूरनं तो धरला.

थोडं वर गेल्यावर, मागे न बघता, फिदा म्हणाला, "आता का गप्प? बोल. अजून तासभराची वाट आहे."